मित्रांसोबत 'सिव्हिलायझेशन' आणि घोटांचे नियम: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गेम खेळताना दारूचा घोट कधी घ्यायचा, या घोटांच्या नियमांचा आमचा कागद या ग्रुपमधून त्या ग्रुपमध्ये जात राहिला आणि त्याच्या मागोमाग प्रश्न यायला लागले. पुन्हा पुन्हा आलेले प्रश्न इथे एकत्र केले आहेत. 'सिव्हिलायझेशन' (थोडक्यात 'सिव्ह') म्हणजे शहरं वसवून, सैन्य उभारून आपला देश वाढवायचा कॉम्प्युटर गेम. नियम त्याचा सहावा भाग 'सिव्हिलायझेशन ६' समोर ठेवून लिहिलेत, कारण विचारणारे बहुतेक जण तोच खेळतात. बाकीच्या गेमसाठी प्रश्न १५ पाहा. तुम्ही राहता तिथल्या कायद्याने दारू पिण्याचं वय ज्याचं झालेलं नाही, त्याच्या ग्लासात सरबत. यावर चर्चा नाही.

१. हा प्रकार नेमका काय असतो? आम्ही कधीच खेळलो नाही.

गेम नेहमीसारखाच खेळायचा. काही घटना आधी ठरवून कागदावर लिहायच्या. त्यातली एखादी मॅपवर घडली, की ज्याच्या बाबतीत घडली त्या भिडूने एक घोट घ्यायचा. जिंकणं-हरणं गेमच ठरवतो. कोण किती प्यालं याला गुण नाहीत आणि कधी ठेवूही नका. तसे गुण ठेवले की मॅपकडे कुणी बघत नाही, नुसती पिण्याची चढाओढ उरते.

२. त्यासाठी 'सिव्ह'च का? एवढा लांब गेम पिताना झेपतो का?

टर्नवर चालतो म्हणून झेपतो. टर्न संपवली की हात मोकळा, गप्पांना वेळ, ग्लास उचलायला वेळ. शिवाय या गेममध्ये घटना मोठ्या असतात आणि लक्षात राहतात. इ.स.पू. ४००० मध्ये एक सेटलर (शहर वसवणारा) आणि एक वॉरियर (योद्धा) घेऊन सगळे निघतात, आणि दोन तासांत कोणी कोणाचं शहर लाटलं यावरून खरीखुरी भांडणं लागलेली असतात.

याच गेमची एक बाजू सांभाळावी लागते. १९९१ साली पहिला भाग आला तेव्हापासून 'अजून एकच टर्न' ही या मालिकेची ओळख आहे. खेळणारा उठत नाही, आणि तो उठला नाही की ग्लासही खाली राहत नाही. म्हणून डाव कधी संपणार हे सुरू करण्याआधीच ठरवायचं. ते कसं, ते प्रश्न ७ मध्ये आहे.

३. पहिल्या दिवसापुरते नियम सांगा. फार लांबण नको.

एवढे पुरतात:

- तुमचं वंडर (जगात एकदाच बांधता येणारी भव्य वास्तू) पूर्ण झालं: एक घोट. तेच वंडर दुसरा भिडू बांधत होता आणि तुम्ही त्याच्या आधी उरकलंत: दोन.
- दुसऱ्या भिडूचं शहर जिंकलंत: दोन.
- गोल्डन एजमध्ये (भरभराटीच्या काळात) शिरलात: एक. डार्क एजमधून (पडत्या काळातून) उठून थेट हिरोइक एज गाठलंत, तर तुम्हाला सूट आणि बाकी सगळ्यांनी तुमच्या नावाने एकेक.
- एआय (कॉम्प्युटर चालवतो त्या) नेत्याने तुम्हाला डिनाउन्स केलं, म्हणजे तुमचा जाहीर निषेध केला: एक. दोघांनी एकाच टर्नमध्ये केलं तरी एकच.
- 'अजून एकच टर्न' हे शब्द तोंडातून निघाले: एक.
- बार्बेरियननी (कुठल्याच देशाच्या नसलेल्या लुटारूंनी) तुमचा सेटलर पळवला: घोट नाही. उलट एक माफी मिळते, ती पुढचा कुठलाही एक घोट सोडायला वापरायची.
- वर्ल्ड काँग्रेस (सगळ्या देशांची ठरावांवर मतदान करणारी सभा) भरली: सगळ्यांनी एकेक पूर्ण ग्लास पाणी.

गोल्डन एजचा नियम 'राइज अँड फॉल' (२०१८) किंवा 'गॅदरिंग स्टॉर्म' (२०१९) यांपैकी एका एक्स्पान्शनशिवाय (पुरवणी भागाशिवाय) चालणार नाही, आणि वर्ल्ड काँग्रेससाठी 'गॅदरिंग स्टॉर्म'च लागतं. ते नसेल तर पाण्यासाठी दर वीस टर्ना धरा. पाण्याचा नियम मात्र गाळू नका. यादीत तो शेवटी असला तरी सगळ्यात जास्त कामाचा तोच आहे.

४. हरणाऱ्याने प्यायची असते ना? तुमच्याकडे जिंकणाराच पितो, हे उलटं कसं?

मुद्दाम उलटं आहे, आणि या पानावरची एकच गोष्ट घ्यायची असेल तर ही घ्या.

'सिव्ह'मध्ये पुढे गेलेला आणखी पुढे जातो. शहरं जास्त म्हणजे प्रॉडक्शन जास्त, प्रॉडक्शन जास्त म्हणजे सैन्य जास्त, सैन्य जास्त म्हणजे परत शहरं जास्त. मागे पडलेल्याला वर यायला आधीच अवघड असतं. त्यात प्रत्येक फटक्यावर त्यालाच पाजलं की त्याचं डोकं चालेनासं होतं, तो आणखी चुकतो, आणखी पितो. रात्र अर्धी उलटेपर्यंत एका माणसाकडे दोन शहरं उरतात आणि ग्लास सगळ्यात जास्त त्याचेच झालेले असतात. त्याच्यासाठी ती संध्याकाळ संपलेली असते.

ज्याची सरशी त्याचा घोट, असं केलं की पुढे असलेल्याला थोडं ओझं होतं आणि डाव शेवटपर्यंत चुरशीचा राहतो. शिवाय शहर गमावलेला माणूस शुद्धीत असतो, म्हणजे बदला नीट घेता येतो. नियम नवीन घालताना हाच प्रश्न विचारा: हा घोट कोणाला लागणार, पुढच्याला की मागच्याला? उत्तर 'मागच्याला' आलं तर नियम खोडा.

डिनाउन्सचा नियम याला धरूनच आहे. एआय चिडतो तो बहुतेक वेळा दुसऱ्यांची जमीन खाणाऱ्यांवर.

५. घोट म्हणजे नक्की किती? शॉट लावले तर रंगत वाढेल का?

घोट म्हणजे २० मिली बीअर. एकदा मोजपात्राने मोजून बघा, तोंडाला सवय होते.

आता हिशेब. ५ टक्क्यांची ३३० मिली बीअर म्हणजे साधारण १३ ग्रॅम शुद्ध अल्कोहोल. ४० टक्क्यांच्या व्हिस्कीचा ३० मिलीचा पेग म्हणजे साडेनऊ ग्रॅम. १२ टक्क्यांची १५० मिली वाइन म्हणजे १४ ग्रॅम. शरीर तासाला ढोबळमानाने ७ ते १० ग्रॅम निपटतं, आणि तो वेग कशानेही वाढत नाही. २० मिली बीअरच्या घोटात सुमारे ०.८ ग्रॅम असतं, म्हणजे तासाला दहा घोट झाले की शरीराची तेवढ्या वेळाची क्षमता जवळपास संपली. आमची मर्यादा तासाला आठ. आठ झाले की त्या तासातले पुढचे सगळे घोट पाण्याचे. ही मर्यादा डोकं ठिकाणावर राहावं म्हणून आहे, प्रकृतीसाठी ही मात्रा सुरक्षित आहे असा तिचा अर्थ नाही. बारीक अंगाच्या किंवा क्वचित पिणाऱ्या भिडूने तर ती आणखी खाली आणावी.

व्हिस्की किंवा रम घेणाऱ्याने एका पेगमध्ये सोडा घालून एकूण २४० मिली करावं. मग त्याचा घोट आणि बीअरचा घोट सारखा पडतो. वाइनवाल्याने अर्धा घोट घ्यायचा.

आणि शॉट? एका रात्रीत एकाच्या वाट्याला बारा घटना सहज येतात. बारा शॉट म्हणजे ११४ ग्रॅम. शॉट लावू नका.

६. कोणत्या घटनांवर नियम लावू नयेत?

ज्या दर दोन-चार टर्नांनी घडतात त्यांवर. नवीन टेक्नॉलॉजी, युरेका (संशोधनाला मिळणारी झटपट चालना), ट्रेड रूट पूर्ण होणं, बार्बेरियन मारणं, सिटी-स्टेटचं (एका शहराच्या छोट्या राज्याचं) सुझरेनपद, म्हणजे वर्चस्व, हातातून जाणं-येणं. ही यादी प्रत्येक नवा ग्रुप हौसेने लिहितो, आणि तासाभरात कोणालाच मोजदाद राहत नाही. समजा दर टर्नला एकच घोट पडला आणि रात्रीत १०० टर्ना झाल्या, तर ती दोन लिटर बीअर झाली, म्हणजे जवळपास ८० ग्रॅम अल्कोहोल.

दुसरा टाळायचा नियम म्हणजे 'ज्याच्यामुळे सगळे थांबलेत त्याने प्यायची'. ऐकायला बरा वाटतो. पण पिणारा हळू होतो, हळू झाला की पितो, प्याला की आणखी हळू होतो. त्यापेक्षा टायमर लावा.

ज्वालामुखी, पूर, वादळ यांवर नियम हवाच असेल तर फक्त 'तुमचं डिस्ट्रिक्ट (शहराचा खास विभाग) मोडलं' एवढ्यावर ठेवा, आणि त्यावर घोट न देता माफी द्या. 'अपोकॅलिप्स मोड' चालू असेल तर तेही नको. त्यात आपत्ती इतक्या येतात की माफ्यांचा ढीग होतो.

७. गेमचा वेग, मॅप, टायमर काय ठेवायचं?

वेग 'ऑनलाइन'. त्यात पूर्ण डाव २५० टर्नांचा असतो, 'स्टँडर्ड'मध्ये ५०० आणि 'मॅरेथॉन'मध्ये १५००. पण २५० टर्नाही एका बैठकीत होत नाहीत, म्हणून ॲडव्हान्स्ड सेटअपमध्ये जाऊन टर्नांची मर्यादा स्वतः घाला. चौघांसाठी १०० ठीक. शंभराव्या टर्नला स्कोअर ज्याचा जास्त तो जिंकला. डाव स्वतःहून संपतो, आणि 'अजून एकच' म्हणायला जागाच उरत नाही.

मॅप लहान ठेवा, म्हणजे शेजार लवकर लागतो. टायमर 'डायनॅमिक' चांगला, कारण शहरं वाढली की वेळही वाढवून मिळतो.

८. आमच्यातली एक मैत्रीण पीत नाही. तिने नुसतं बघायचं का?

अजिबात नाही. तिच्या ग्लासात तिला आवडेल ते असेल आणि तिला सगळे नियम तसेच्या तसे लागतील. घोट हा खेळातला इशारा आहे, त्यात काय आहे याच्याशी कागदाला देणंघेणं नाही. ती का पीत नाही हे विचारायचंही नाही. 'आज तरी एक घे' हे वाक्य ज्या टेबलावर चालतं, तिथे हा खेळ चांगला होत नाही, हे मी ठामपणे सांगतो.

मध्येच बीअरवरून लिंबूपाण्यावर येणाऱ्यालाही हेच लागू. कारण द्यावं लागत नाही.

तिला पंच मात्र करू नका. न पिणाऱ्यावर हिशेब, ग्लास धुणं आणि सगळ्यांना घरी सोडणं लादलं जातं. हिशेब आळीपाळीने ठेवा.

९. औषधं चालू असताना एक-दोन घोट चालतात का?

झोपेच्या गोळ्या, चिंतेवरच्या गोळ्या, गुंगी आणणारी सर्दी-ॲलर्जीची औषधं, ओपिऑइड वेदनाशामकं यांच्यासोबत दारू नको. दोन्ही मिळून श्वास मंदावू शकतो. मेट्रोनिडाझोल चालू असेल तर ती टाळा असं औषधासोबतच सांगितलेलं असतं. मधुमेहासाठी इन्सुलिन घेणाऱ्याची साखर रिकाम्या पोटी दारूने धोकादायकरीत्या उतरू शकते. गरोदरपणात थेंबही नको. बाकी कुठलंही औषध असेल तर डॉक्टरांना किंवा फार्मासिस्टला विचारा आणि तोवर प्रश्न ८ प्रमाणे खेळा.

१०. एकाच टर्नमध्ये माझ्यावर चार घटना आल्या. सगळे घोट घ्यायचे?

एका टर्नला जास्तीत जास्त दोन. उरलेले सोडून द्यायचे, पुढच्या टर्नवर ढकलायचे नाहीत. उधारी ठेवली की शेवटी कुणीतरी ती एकदम फेडायला बसतो, आणि तेच तर नको असतं.

माफी असेल तर आधी ती वापरा. माफी दुसऱ्याला देता येते, विकता येते, तहाच्या वाटाघाटीतही लावता येते. माफीच्या बदल्यात घोडे मागणारे भिडू आमच्याकडे आहेत. घोट मात्र दुसऱ्याला देता येत नाही. 'मी नाही, आता तू पी' याला या कागदावर जागा नाही.

११. गांधींनी अणुबॉम्ब टाकला तर?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो. गेममध्ये भारताचे नेते म्हणून गांधी असतात. पहिल्या 'सिव्ह'मध्ये गांधींचा आक्रमकपणा १ होता, लोकशाही आल्यावर त्यातून २ वजा झाले आणि आकडा उलटून २५५ झाला, अशी कथा वर्षानुवर्षं फिरते आहे. या मालिकेचे जनक सिड मायर यांनी २०२० साली आत्मकथनात स्पष्ट लिहिलं की असा बग नव्हताच. 'सिव्ह ५'मध्ये मात्र गांधींची अण्वस्त्रांची ओढ डिझायनरने गमतीखातर मुद्दाम वाढवली होती.

आमचा नियम: गांधींकडून बॉम्ब पडला की सगळ्यांनी उभं राहून पाणी प्यायचं. गांधीजींनी आयुष्यभर दारूबंदीचा आग्रह धरला, त्यांच्या नावावर दारूचा घोट लावणं मनाला पटत नाही. १०० टर्नांच्या डावात तो दिवस क्वचितच उजाडतो.

१२. आम्ही टीम करून खेळतो. दोघांनी मिळून शहर घेतलं तर कोण पिणार?

शहर ज्याच्या नावावर झालं तो. वेढा कोणी घातला, तोफा कोणाच्या होत्या, यात शिरू नका. दोन विरुद्ध दोन खेळताना दोन घोट एकेक करून वाटून घेता येतात, एवढीच सवलत.

शहर लॉयल्टी (मालकावरची निष्ठा) संपून फुटलं आणि फ्री सिटी (कोणाचंच नसलेलं शहर) झालं, तर कुणालाच घोट नाही. पुढे ते तुमच्याकडे आपणहून आलं तर एक, लढून घेतलंत तर नेहमीप्रमाणे दोन.

१३. डीसिंक झालं (भिडूंच्या कॉम्प्युटरवरचे डाव एकमेकांशी जुळेनासे झाले) किंवा कनेक्शन गेलं आणि मागच्या सेव्हवरून सुरू केलं. त्याच घटना परत घडल्या तर परत प्यायची?

नाही. प्यालेला घोट मागे घेता येत नाही, म्हणून रीलोडच्या आधी ज्या घटनेचा घोट झाला तिचा दुसऱ्यांदा लागत नाही. रीलोडनंतर वेगळीच घटना घडली तर ती नवीन धरायची. हिशेब ठेवणाऱ्याने घटनेसमोर टर्नचा आकडा लिहिला की वाद राहत नाही.

परत जोडलं जाईपर्यंतचा वेळ काहीतरी खायला वापरा. रिकाम्या पोटी दारू फार लवकर चढते.

१४. एक भिडू चाळिसाव्या टर्नलाच बाद झाला. आता त्याने काय करायचं?

त्याचे घोट तिथेच संपले. बाद झालेला माणूस करण्यासारखं काही नसल्यामुळे पीत बसतो, आणि सगळ्यात जास्त चढते ती त्यालाच. त्याला काम द्या: हिशेब, तहांचे साक्षीदार, बाजूच्या खोलीत होणाऱ्या गुप्त वाटाघाटींचा निरोप्या. एआयकडे असलेला एखादा देश त्याला चालवायला देता आला तर त्याहून उत्तम.

१५. दुसऱ्या गेमना हे नियम चालतील का?

टर्नवर चालणाऱ्यांना चालतात. परग्रहवासीयांशी लढायच्या 'एक्सकॉम'मध्ये माउस आळीपाळीने एकमेकांकडे द्या, एकेका सैनिकाचं नाव एकेका मित्राचं द्या, आणि ९० टक्क्यांच्या वरचा नेम हुकला की टेबलावरच्या सगळ्यांनी एक घोट. याच मालिकेतल्या २०१२ च्या 'एनिमी अननोन'मध्ये सेव्ह लोड करून तीच गोळी त्याच क्रमाने झाडली तर निकाल तोच येतो, त्यामुळे रीलोड करून घोट चुकवणं तसंही जमत नाही.

'एज ऑफ एम्पायर्स २' सारख्या रिअल-टाइम गेममध्ये सामना चालू असताना घोट नकोच. दोन्ही हात अडकलेले, थांबायला क्षण नाही, आणि कीबोर्डशेजारी भरलेला ग्लास. तिथे कागदावर खुणा करा, सामना संपल्यावर जास्तीत जास्त तीन घोट घ्या आणि बाकीच्या खुणा खोडा.

१६. आम्ही वेगवेगळ्या गावांत आहोत. ऑनलाइन चालेल?

सगळे एकाच वेळी कॉलवर असतील आणि कॅमेरे चालू असतील तर चालेल. समोर न बसल्यामुळे कोणाला किती चढली हे कळत नाही, म्हणून तासाची मर्यादा आठऐवजी पाच ठेवा. जो एकटा राहतो त्याच्याकडे विशेष लक्ष. तो अचानक गप्प झाला तर फोन करा.

'प्ले बाय क्लाउड'वर हे नियम लावू नका. तिथे टर्ना दिवसेंदिवस चालतात आणि प्रत्येक जण आपापल्या वेळी खेळतो, म्हणजे एकट्याने बसून पिणं आलं.

१७. एकाला फारच चढली तर काय करायचं?

गेम थांबवा. सेव्ह करा आणि त्याच्याजवळ जा. त्याचं पिणं बंद. पोटातली दारू शेवटच्या घोटानंतरही काही वेळ रक्तात उतरत राहते, त्यामुळे आता बरा दिसणारा माणूस अर्ध्या तासाने जास्त बिघडू शकतो. कॉफी, थंड पाणी अंगावर ओतणं, चालायला लावणं, मुद्दाम उलटी काढणं यांतल्या कशानेही दारू उतरत नाही.

झोपला तर कुशीवर झोपवा, उताणा नको, कारण उलटी घशात अडकू शकते. त्याला एकटं सोडू नका. हलवून जाग येत नसेल, श्वास मिनिटाला आठपेक्षा कमी झाला असेल किंवा दोन श्वासांत दहा सेकंदांहून जास्त खंड पडत असेल, ओठ-नखं निळसर दिसत असतील, अंग गार पडलं असेल किंवा झटके येत असतील, तर लगेच रुग्णवाहिका बोलवा. यातलं एक लक्षण पुरेसं आहे, सगळी दिसायची वाट बघायची नाही. ओरडा बसेल, घरी कळेल, याचा विचार तेव्हा करायचा नसतो.

जो प्यालाय तो गाडी चालवणार नाही. किल्ल्या आल्या आल्या एका डब्यात टाकाव्यात, म्हणजे नंतर हुज्जत घालावी लागत नाही.

१८. डाव अर्धवट राहिला आणि पुढच्या आठवड्यात पूर्ण करणार आहोत. घोटांचा हिशेब पुढे न्यायचा का?

नाही. माफ्या पुढे नेता येतात, घोट नाही. सेव्हच्या नावात टर्नचा आकडा घाला, माफ्यांचा कागद होस्टकडे ठेवा, आणि पुढच्या वेळी एक तरी भिडू बदलणार असेल तर प्रश्न ३ मधली यादी सुरू करण्याआधी मोठ्याने वाचून घ्या.